रिकाम्या प्लॉटवर खरखरीत पानांचे, खाली मान घातलेल्या फिकट निळ्या फुलांचे तण उगवले आहे. ते कोणते? उपटून टाकावे का?

आपल्या वर्णनावरून हा छोटा कल्पा असावा. शास्त्रीय नाव ट्रायकोडेस्मा इंडिकम. फुले जमिनीकडे तोंड करून उमलतात म्हणून संस्कृतात अधःपुष्पी. वनस्पतींना शास्त्रीय नावे देणाऱ्या लिनियसने १७५३ मध्ये त्याला बोरेज या युरोपीय वनस्पतीच्या वंशात घातले होते. पुढे ते ट्रायकोडेस्मा या वंशात गेले.

आपण त्याला सहज ‘तण’ म्हटले आहे आणि याच शब्दावरून माझा थोरल्या भावाशी जुना वाद आहे. पुरंदर तालुक्यात आमच्या गावामागे कुसळी गवताचा माळ आहे. सरकारी भाषेत तो पडीक असला, तरी पावसाळ्यानंतर मेंढरे त्याच्यावरच जगतात आणि धाविक पक्षी तिथे उघड्या जमिनीवर अंडी घालतात. काही वर्षांपूर्वी तिथे ग्लिरिसिडिया आणि गुलमोहर लावायचे ठरले, तेव्हा दादा सर्वांत पुढे होता. मी विरोध केला. तो म्हणाला, “अरे, तिथं तणाशिवाय आहे काय? सावली झाली तर माणसं येतील.” जूनमध्ये जेसीबीने खड्डे खणले गेले. मुरमाच्या त्या पातळ थरात बहुतेक रोपे पुढच्या मेपर्यंत वाळून गेली आणि त्यानंतरच्या पावसात खड्ड्यांभोवतीच्या मातीच्या ढिगांवर छोटा कल्पा दाटून आला.

त्या दिवसांत मी तासन्‌तास त्याच्यापाशी बसलो आहे. प्रत्येक राठ केसाच्या बुडाशी बारीक पुटकुळी असते, म्हणून पान हाताला कानशीसारखे लागते. निळी पाकळी पुढे गुलाबीसर होते. पाचही परागकोशांची टोके एकमेकांना पीळ घालून मधोमध शंकू करतात आणि मधमाशी त्याला उलटी लटकते.

दादाने ते ढीग पाहून म्हटले, “बघ, तुझं तणच माजलं.” तेव्हा मला उत्तर सुचले नव्हते, ते आता देतो. ही एका हंगामाची वनस्पती आहे. उकरलेली, उघडी जमीन मिळाली की ती बियांपासून झपाट्याने उगवते आणि दाट गवतात तिला जागा सापडत नाही. ती माजली, कारण आपण माळ उकरला. आपल्या प्लॉटवरही बहुधा नुकतेच सपाटीकरण झाले असेल.

तिथे भाजीपाला करायचा असेल, तर बी धरण्याआधी हातमोजे घालून उपटा, कारण केस बोटांत शिरतात. तसे नसेल, तर राहू द्या. तणनाशक मारू नका.

एक गोष्ट आधीच सांगायला हवी होती. सर्पदंशावर याचा पाला चालतो असे अनेक गावांत सांगतात. त्यावर विसंबू नका, थेट रुग्णालयात जा. याच्या वंशात यकृताला घातक अल्कलॉइडे आढळतात आणि उझबेकिस्तानात याच्या एका भाईबंदाचे बी धान्यात मिसळून माणसे गंभीर आजारी पडली होती. बाजारात औषध म्हणून ‘गावजबान’ या एकाच नावाखाली या कुळातल्या अनेक वनस्पती विकल्या जातात, त्यामुळे घरच्या घरी काढा करणे मला सरळ चुकीचे वाटते.

गेल्या पावसाळ्यात त्या खड्ड्यांच्या कडांवर कुसळी परतली आणि जिथे ती दाटली, तिथे कल्पा विरळ झाला. दादाने ते एकदा माळावर येऊन पाहावे.