जुन्या फोटोंमध्ये सिगारेट ओढणारी माणसं इतकी मोहक का दिसतात?

मुख्यतः प्रकाशामुळे, सिगारेटचं स्वतःचं श्रेय त्यात कमीच. 1930-40 च्या दशकांतल्या हॉलिवूड पोर्ट्रेटमध्ये, म्हणजे छायाचित्रकार जॉर्ज हरेल वगैरेंच्या कामात, पार्श्वभूमी बरेचदा गडद असे आणि दिवा मागून किंवा बाजूने. धुराचे कण प्रकाश जास्त करून पुढच्या दिशेने विखुरतात. त्यामुळे मागून उजेड आला की धूर रेशमासारखा चमकतो. समोरून फ्लॅश मारला की तोच धूर मळकट दिसतो, नाहीतर दिसतच नाही. (नुकत्याच विझवलेल्या मेणबत्तीच्या धुरामागे टॉर्च धरून पाहा, लगेच कळेल.) शिवाय हातांचं करायचं काय, हा पोर्ट्रेटमधला कायमचा प्रश्न सिगारेट परस्पर सोडवते: मनगट वळतं, बोटं लांब वाटतात, नजर कॅमेऱ्यावरून सहज हटते. मात्र हे आकर्षण सगळं आपोआप उपजलेलं नाही, बरंचसं विकत घेतलेलं आहे. तंबाखू कंपन्या तेव्हा सिनेतारकांना जाहिरातींसाठी पैसे मोजत. 1929 मध्ये न्यूयॉर्कच्या ईस्टर परेडमध्ये तरुणींनी भररस्त्यात सिगारेटी पेटवल्या. ‘स्वातंत्र्याच्या मशाली’ म्हणून गाजलेला तो प्रसंग जनसंपर्कतज्ज्ञ एडवर्ड बर्नेज यांनी एका सिगारेट कंपनीसाठी घडवून आणला होता. आणि फोटोत ना वास येतो, ना खोकला ऐकू येतो. सिगारेटशिवाय ज्याचा चेहरा आठवत नाही तो हॉलिवूड अभिनेता हम्फ्री बोगार्ट 1957 मध्ये, 57 व्या वर्षी अन्ननलिकेच्या कर्करोगाने गेला.