मालिका-सिनेमांतल्या वयस्कर बायका खरंच बदलल्यात का?

बदलल्यात, पण मला विचाराल तर अर्ध्याच. मी ३४व्या वर्षी ३६ वर्षांच्या माणसाची आई झालेली बाई आहे, त्यामुळे जरा तिरकंच बोलणार.

राज्य नाट्य स्पर्धेसाठी ऑफिसातल्या हौशी मंडळींनी नाटक बसवलं होतं. वाचनाच्या दिवशीच दिग्दर्शक म्हणाला, "तू आई कर. नायिका आता शोभायची नाही तुला." नायक विग लावून तरुण, आणि माझ्या काळ्याभोर केसांना मात्र टाल्कम पावडर! पहिल्याच प्रवेशात घाम फुटला आणि पावडरीचे ओघळ गालावर आले. लोकांना वाटलं आईला गहिवरून आलंय. टाळ्या पडल्या. वाक्यं किती, तर "जेवून घे बाळा" धरून सात. हिला स्वतःचं काही म्हणायचं नाही का, असं विचारलं तर उत्तर मिळालं, "आईचं काय एवढं!" तिसऱ्या रांगेत माझी खरी आई बसलेली. वय ६२, तेव्हा पतपेढीची निवडणूक लढवत होती. घरी येताना रिक्षात म्हणाली, "ती बाई दिवसभर करते काय गं?"

रोहिणी हट्टंगडींचंच बघा. १९८४च्या 'सारांश'मध्ये तिशीच्या आसपास म्हाताऱ्या झाल्या, १९९०च्या 'अग्निपथ'मध्ये वयाने मोठ्या अमिताभची आई. मग २०२३मध्ये 'बाईपण भारी देवा' आला. सहा बहिणी, मंगळागौरीची स्पर्धा, आणि थेटरात बायकांचे घोळकेच्या घोळके. आमची भिशी दोनदा जाऊन आली.

मालिकांवर मात्र माझा राग आहे. 'आई कुठे काय करते'मधल्या अरुंधतीला स्वतःसाठी उभं राहायला आधी नवऱ्याचं लफडं लागतं. 'अग्गंबाई सासूबाई'तल्या आसावरीच्या लग्नासाठी कंबर कसते कोण, तर सून. आधी अन्याय हवा, नाहीतर कुणाची तरी परवानगी. आपलं मन झालं म्हणून उठली आणि केलं, अशी पन्नाशीची बाई मला दाखवा.

आता हेही खरं की 'बॅरिस्टर' नाटकात विजया मेहतांनी केलेली मावशी सत्तरच्या दशकातली. म्हणजे पूर्वी सगळा अंधारच होता, असं मी म्हणत नाही. आणि हिंदी मी फार बघत नाही, तेव्हा त्याचं कुणी दुसऱ्याने सांगावं.

तुम्ही स्वतः लिहीत असाल तर एक करा: आई सकाळी ११ ते ४ काय करते, ते आधी ठरवा. मग बाळाला जेवू घाला.

तो दिग्दर्शक आता सत्तरीत आहे. गेल्या महिन्यात फोनवर कुरकुरत होता, मालिकेत आजोबांचं काम मिळालंय, पण दिवसभर बसवून ठेवतात आणि वाक्यं दोनच. मी म्हटलं, पावडर तरी लागत नसेल!