कापताना तडकणारं चॉकलेट, ओघळणारं क्रीम

प्रश्न : ताई नमस्कार, माझी मुलगी कॅनडात शिकते, तिनं फोनवर ननायमो बार सांगितले, ओव्हन लागत नाही म्हणाली म्हणून हौसेनं करून बघितले. खाली बिस्किट-खोबऱ्याचा थर, मधे पिवळं कस्टर्डचं क्रीम, वर चॉकलेट. रात्रभर फ्रिजला ठेवून सकाळी सुरी लावली तर वरचं चॉकलेट काचेसारखं तडकलं आणि मधलं क्रीम चारी बाजूनं बाहेर! घरचं लोणी वापरलं होतं. चुकलं कुठं सांगा की ओ. (एक वाचक, टिळकवाडी)

उत्तर : अहो, तुम्ही एकट्या नाही, माझी पहिली खेप तर याहून वाईट होती. पुतणीच्या वाढदिवसाला केले, खालचा थर अजून कोमट असतानाच घाईघाईनं क्रीम पसरलं, आणि पाहुण्यांसमोर ताट जरा तिरकं झालं तर मधला थर वरच्या चॉकलेटसकट घसरत ताटाच्या काठाला जाऊन टेकला. शेवटी वाटीत घालून चमच्यानं खाल्लं सगळ्यांनी, आणि वर पुडिंग छान झालंय म्हणाले.

तुमचा पहिला घोटाळा लोण्यात आहे. घरच्या लोण्यात ताकाचा आणि पाण्याचा अंश राहतोच, कितीही धुवा. भाकरीवर ते लोणी म्हणजे स्वर्ग, पण या क्रीममधे ते पाणी सुटतं आणि थर पचपचीत होतो. इथं विकतचं बिनमिठाचं बटरच घ्या. तेही बाहेर ठेवून मऊ झालेलं, वितळलेलं नव्हे, बोट दाबलं तर खळगा पडला पाहिजे पण बोटाला तेल लागता कामा नये. १०० ग्रॅम बटरला २५० ग्रॅम आयसिंग शुगर, दोन मोठे चमचे कस्टर्ड पावडर, दोन-तीन चमचे दूध. तिकडे कस्टर्ड पावडर कच्चीच घालतात, पण आपल्या जिभेला ती पिठूळ लागते, म्हणून मी ती त्याच दुधात कालवून मंद गॅसवर घट्ट होईपर्यंत हलवते आणि पूर्ण, म्हणजे अगदी पूर्ण गार करून मग बटरमधे फेटते. जरा जरी कोमट राहिली तर बटर वितळलंच म्हणून समजा.

दुसरा घोटाळा वरच्या थरात. तुम्ही नुसतं चॉकलेट वितळवून ओतलं असणार. ते फ्रिजमधे कडक होतं आणि खालचं क्रीम मऊच राहतं, मग सुरीचा दाब पडला की वरचं तडकतं आणि खालचं वाट मिळेल तिकडे पळतं. १५० ग्रॅम डार्क चॉकलेटमधे ३० ग्रॅम बटर घाला, मग ते कापण्याइतकं नरम राहतं. डबल बॉयलर करताना, म्हणजे गरम पाण्यावर भांडं ठेवून चॉकलेट वितळवताना, खालच्या पाण्याची वाफ किंवा ओला चमचा चॉकलेटला लागू देऊ नका, दोन थेंबांनी सगळं रवाळ गोळा होतं. झालंच तर फेकू नका हं, चमचा चमचा गरम दूध घालत हलवा, सॉस होईल, आइस्क्रीमवर घाला, बारवर मात्र ते घट्ट बसणार नाही.

चॉकलेट ओतल्यावर दहा-पंधरा मिनिटांनी, बोट लावलं तर ठसा उमटेल पण चिकटणार नाही, अशा वेळी वडीसारख्या रेघा पाडून ठेवा. खाली क्रीमपर्यंत नको, वरवर. मग कापायच्या आधी डबा दहा मिनिटं बाहेर ठेवा, सुरी गरम पाण्यात बुडवून कोरडी पुसा, प्रत्येक कापाला पुसा, कंटाळा करू नका. पाटावरच्या वड्या आपण गरम असतानाच कापतो ना, सगळं कडक झाल्यावर कोण कापतं!

आणि हो, ननायमो हे कॅनडात व्हँकुव्हर बेटावरचं गाव, १९८०च्या दशकात तिथल्या महापौरांनी या बारची सगळ्यात चांगली रेसिपी कोणाची म्हणून स्पर्धाच ठेवली होती. आपल्याकडे बेळगावात कुंद्याची, म्हणजे दूध आटवून केलेल्या मिठाईची, ठेवा म्हणावं कोणीतरी, शहापूर आणि खडेबाजारवाले भांडतील.

प्रश्न : खालच्या थराला अंडं घालतात असं वाचलं, आमच्यात चालत नाही. आणि पावसाळ्यात बिस्किटं सादळतात, मग थर बसतच नाही. (खानापूर)

उत्तर : अंडं विसरा, तीन-चार चमचे मिल्कमेड घाला. २०० ग्रॅम मारी, १०० ग्रॅम वितळलेलं बटर, तीन चमचे कोको, अर्धी वाटी सुकं खोबरं, मूठभर काजूचे तुकडे. खानापूरच्या पावसात बिस्किटंच काय, पापडसुद्धा सादळतो, तव्यावर मंद आचेवर दोन-तीन मिनिटं शेकून गार करा आणि मगच चुरा करा. आठ इंची चौकोनी डबा नसेल तर स्टीलचा कुठलाही सपाट डबा चालतो, बटर पेपर दोन बाजूंनी बाहेर लोंबता ठेवा म्हणजे अख्खा ठोकळा उचलता येतो. वाटीच्या बुडानं दाबताना जीव खाऊन दाबा. गोकाकचा करदंट, म्हणजे सुक्यामेव्याची वडी, हातात घेतल्यावर गूळ-डिंकानं सगळं कसं आवळून धरलेलं असतं, इथं ते काम बटरला करायचंय. मग अर्धा तास फ्रिज.

प्रश्न : मधल्या थरात कस्टर्डऐवजी कुंदा घातला तर? (शहापूर)

उत्तर : मला वाटलंच शहापूरहून हे येणार. घाला की, मी केलंय. नुसता कुंदा रवाळ आणि ओलसर असतो, तो पसरत नाही, म्हणून कढईत दोन मिनिटं कोरडा करून गार करा, मिक्सरला फिरवा आणि निम्म्या बटरमधे फेटा. साखर अजिबात नको, कुंदाच गोड असतो. थर पातळ ठेवा, चॉकलेट डार्कच घ्या, नाहीतर दुसऱ्या घासाला तोंड मिटतं. आणि दूध आटवलेला पदार्थ आहे, फ्रिजमधे ठेवून तीन दिवसांत संपवा. आमच्याकडे दुसऱ्या दिवशीच डबा रिकामा होता.