जुन्या राजकीय चित्रफितीत घरातील माणूस दिसला, तर तो कोणत्या बाजूचा होता हे ठरवता येते का?

आपले आजोबा एका जुन्या राजकीय सभेच्या चित्रफितीत दिसतात, त्यावरून ते त्या पक्षाचे होते असे म्हणता येईल का आणि त्या फितीची प्रत कोठे मिळेल, असे आपण विचारले आहे. पहिल्या प्रश्नाचे उत्तर ठाम ‘नाही’ असे आहे, आणि तेच मी गेली बारा वर्षे माझ्या थोरल्या काकांना सांगत आलो आहे.

३० नोव्हेंबर १९५७ रोजी पंडित नेहरू प्रतापगडावर शिवाजी महाराजांच्या अश्वारूढ पुतळ्याच्या अनावरणासाठी आले, तेव्हा संयुक्त महाराष्ट्र समितीने त्यांच्या वाटेवर काळी निशाणे दाखवून निदर्शने केली. कोल्हापुरातून, आमच्या गंगावेशीतून, ट्रकने गेलेल्यांत माझे आजोबा होते. त्या दौऱ्याची म्हणून पाहण्यात आलेल्या एका फितीत ते रस्त्याकडेच्या गर्दीत जेमतेम तीन सेकंद दिसतात. काखेत मिटलेली छत्री आहे आणि नजर मोटारीकडे नसून थेट कॅमेऱ्याकडे आहे. नेमके त्याच वेळी निवेदक स्वागताला लोटलेल्या जनतेचे वर्णन करतो. काका जुन्या काँग्रेसी वळणाचे असल्यामुळे त्यांच्या दृष्टीने वाद तेथेच संपला.

वास्तविक अशा वृत्तपटांचे चित्रीकरण बहुधा मूकच होई. निवेदन नंतर स्टुडिओत लिहून निरनिराळ्या भाषांत चढवले जाई, आणि गर्दीची दृश्ये नेत्याच्या दोन दृश्यांमधला सांधा म्हणून वापरली जात. ज्याला आजोबांचे नावही ठाऊक नव्हते, त्या निवेदकाने त्यांचे मत सांगावे आणि पोटच्या मुलाने ते खरे मानावे, हे मला आजही पटत नाही. सेकंदाला चोवीस या हिशेबाने ती बहात्तर चित्रे मी एकेक थांबवून पाहिली आहेत. काळे कापड पोलिसांच्या नजरेस पडू नये म्हणून छत्रीत गुंडाळून नेले होते, असे आजोबा स्वतः सांगत. काका म्हणतात, छत्री उन्हासाठी होती. ऊन होते तर ती मिटलेली का, याचे उत्तर त्यांनी अद्याप दिलेले नाही.

प्रतीसाठी केंद्र सरकारचे वृत्तपट काढणाऱ्या फिल्म्स डिव्हिजनच्या संग्रहाकडे चौकशी करावी. तो विभाग २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाला आहे. अर्जात आजोबांचे नाव नव्हे, तर सभेची तारीख, गाव आणि नेत्याचे नाव लिहावे, कारण गर्दीतल्या माणसांची नोंद कोणत्याही सूचीत नसते. त्याआधी घरातील वृद्धांचे म्हणणे त्यांच्याच आवाजात ध्वनिमुद्रित करून ठेवावे. मी ते केले नाही, म्हणूनच काकांचे फावते.

एक गोष्ट मात्र नमूद करायला हवी. फितीतील माणूस आजोबाच आहेत हे आजीने ओळखले, आणि तेव्हा तिच्या मोतीबिंदूची शस्त्रक्रिया व्हायची होती. कान मात्र आमच्याच घराण्याचे आहेत, हे काकांनाही मान्य आहे.