बाबा यागाच्या नाकाआडचा माणूस

अनेक आशीर्वाद.

सतत म्हातारे, भुतं आणि खलनायकाचे चमचे वाट्याला येतात, चेहरा कुणाच्या लक्षात राहत नाही, ही तुझी तक्रार वाचली. गिओर्गी मिल्यार हा रशियन नट नीट बघ, मग बोलू. जन्म मॉस्कोत, १९०३ साली. मृत्यू १९९३ मध्ये. सोव्हिएत परीकथांच्या मराठी अनुवादांमुळे कोंबडीच्या पायांवरच्या झोपडीतली चेटकीण बाबा यागा आपल्याकडच्या एका पिढीला ठाऊक आहे, पण पडद्यावर ही म्हातारी पुरुषाने गाजवली हे फार थोड्यांना माहीत असतं.

आधी रंगभूमी, मग १९३८ मध्ये दिग्दर्शक अलेक्सांद्र रोऊ यांच्या परीकथापटात मूर्ख राजाची भूमिका. पुढच्या ‘वासिलिसा’मध्ये बाबा यागा, आणि त्याच चित्रपटात म्हातारा बापही. एकाच चित्रपटात दोन भूमिका आल्या तर नुसता आवाज बदलून भागत नाही. चालीचा वेग आणि वाक्याच्या मध्ये श्वास कुठे घ्यायचा, हे दोन्हींसाठी वेगवेगळं ठरव. नाहीतर दाढी काढली तरी आतला माणूस तोच दिसतो.

आता अभ्यास. रोऊंच्या ‘मरोझ्को’मध्येही (१९६४) मिल्यार बाबा यागा आहे, तो चित्रपट तीनदा बघ. एकदा आवाज बंद करून, एकदा डोळे मिटून, एकदा फक्त पाय बघत. नायक इवान झोपडीला स्वतःकडे तोंड करायला सांगतो, यागा ती परत जंगलाकडे फिरवते, पुन्हा तो, पुन्हा ती. हे दृश्य थांबवून थांबवून बघ. प्रत्येक वळणाआधी शरीराचा कुठला भाग आधी हलतो ते लिहून काढ. ‘मार्या-इस्कुस्नित्सा’मध्ये (१९५९) मिल्यार क्वाक नावाचं बेडकासारखं पात्र आहे, पायांत पोहण्याचे फ्लिपर. चाल आरशासमोर शोधत बसू नकोस, पायांत काय घातलंय त्यातून ती निघते. म्हणून तालमीच्या पहिल्या दिवसापासून भूमिकेचीच पादत्राणं माग, शेवटच्या दिवशी नको.

कुबड काढताना सगळे कमरेतून वाकतात आणि जेवणाच्या सुट्टीपर्यंत सरळ होतात. मग सकाळचा शॉट आणि दुपारचा शॉट जुळत नाही. गुडघे किंचित वाकव, मान पुढे घे, एक खांदा वर ठेव. काठी कुठल्या हातात, कुठला खांदा वर, भार कुठल्या पायावर, एवढं वहीत लिही आणि प्रत्येक शॉटआधी फोटो काढून घे. कंटिन्युइटीवाल्यांचं लक्ष कपड्यांवर असतं, तुझ्या पाठीकडे कुणी बघत नाही.

मेकअपचं नाक लावायचं असेल तर दाढी आदल्या रात्री कर. सकाळी केलीस आणि ब्लेड लागलं असेल तर स्पिरिट गम, म्हणजे नाक चिकटवायचा गोंद, झोंबतो. गमाची चाचणी कोपराच्या आतल्या बाजूला, एक दिवस आधी. तोंडाचे कोपरे मोकळे सोडायला मेकअपमनला सांग, तिथे जाड थर आला की चेहरा मेल्यासारखा दिसतो. नाक बसलं की आरशासमोर प, फ, ब, भ, म, मग ओ आणि ई म्हणून बघ. नाकपुडीजवळची कड आधी सुटते, कारण वरचा ओठ सारखा हलतो आणि श्वासाची ओल तिथेच लागते. रात्री घाईत ओढून काढू नकोस. रिमूव्हरमध्ये ब्रश बुडवून कडेपासून हळूहळू सोडव, कातडी उद्याही लागणार आहे.

आवाज घसा आवळून काढशील तर तिसऱ्या दिवशी बसेल. ओठ आणि जबड्याच्या आकारातून काढ. पहिल्याच दिवशी दोन मिनिटं फोनवर रेकॉर्ड करून ठेव, कारण डबिंग महिन्यांनी येतं. डबिंगलाही वाकूनच बस, छाती ताठ झाली की म्हातारीचा आवाज तरुण होतो.

एका गोष्टीत मात्र मिल्यारचा कित्ता गिरवू नकोस. ‘कश्चेय’ (१९४५) हा चित्रपट, ज्यात तो त्याच नावाचा खलनायक आहे, युद्धकाळात, स्टुडिओ मध्य आशियात हलवलेला असताना तयार झाला. मलेरियाने मिल्यार हाडांचा सापळा झाला होता, आणि तेच रूप पडद्यावर अजून अंगावर येतं. पण तो आजार होता, तयारी नव्हती. भूमिकेसाठी उपास करायला सांगणाऱ्याला सरळ नकार दे. तीच गोष्ट थंडीची. रशियन लेखक गोगोलच्या कथेवरच्या चित्रपटात (१९६१) त्याने सैतान केला, बाहेरचं चित्रण आर्क्टिकजवळच्या कोला द्वीपकल्पात. अशा कामात वेशाच्या आत गरम कपड्यांना जागा हवी, म्हणून माप देतानाच दोन बोटं सैल ठेवायला सांग.

आणि रोऊबद्दल. दोघांनी जवळपास पस्तीस वर्षं एकत्र काम केलं. १९७३ मध्ये रोऊ गेले आणि मिल्यारच्या मोठ्या भूमिका आटल्या, राहिली छोटी कामं आणि कार्टूनचे आवाज. ‘लोककलावंत’ (पीपल्स आर्टिस्ट) हा सरकारी किताब मिळाला १९८८ मध्ये, पंच्याऐंशीव्या वर्षी. एका दिग्दर्शकाचा विश्वास मिळाला तर सोडू नकोस, पण वर्षातून दोन तरी कामं दुसऱ्याकडे कर, बालनाट्य असलं तरी चालेल, आवाजाचं तर नक्कीच. आणि करारात डबिंगचे दिवस वेगळे लिहून घे, ते फुकटात धरले जातात.

‘मरोझ्को’ बघून झाला की झोपडीच्या दृश्यावरच्या तुझ्या नोंदी पाठव. पायांच्या नोंदी आधी पाठव, चेहऱ्याच्या नोंदी नंतर.