आकडा बरोबर असूनही एकक लिहिलं नाही म्हणून गुण का कापतात?

तुमचे दोन प्रश्न आहेत. गणितातला आकडा बरोबर आला, फक्त एकक राहिलं, तरी गुण जावेत का? आणि 2019 मध्ये किलोग्रॅमची व्याख्या बदलली म्हणतात, मग जुनी वजनं चुकीची ठरली का?

आधीच सांगून टाकतो: मी काही वर्षं प्रयोगवह्या तपासल्या आहेत, म्हणजे मी कापणाऱ्यांच्या गोटातला.

"आकडा बरोबर" हेच मला पटत नाही. वेग काढायला सांगितला आणि उत्तर आलं 20. हे बरोबरही नाही आणि चूकही नाही, कारण मीटर प्रति सेकंद असेल तर ती रस्त्यावरची गाडी आणि किलोमीटर प्रति तास असेल तर सायकल. तपासणाऱ्यानं यातलं काय समजायचं?

राशी म्हणजे संख्या गुणिले एकक. पुस्तकात हे पहिल्याच धड्यात असतं आणि कुणी मनावर घेत नाही. पण त्यातला 'गुणिले' खरोखरचा आहे. एकक हे उत्तराच्या शेवटी चिकटवायचं लेबल नाही. ते पहिल्या ओळीपासून आकड्यासोबत लिहा, आकड्यासारखंच छेदा, वर्ग करा, वर्गमूळ काढा. ताशी 72 किलोमीटर घ्या. किलोमीटरच्या जागी 1000 मीटर लिहा, तासाच्या जागी 3600 सेकंद. 72 गुणिले 1000 भागिले 3600, म्हणजे 20 मीटर प्रति सेकंद. पाठ काही करावं लागलं नाही. '5/18 नं गुणा' हे पाठ केलेली मुलं घाईत 18/5 लावतात आणि गाडीचा वेग 259.2 मीटर प्रति सेकंद काढून मोकळी होतात. हवेत आवाजाचा वेग साधारण 340 आहे हो!

हसतोय खरा, पण माझंही असंच झालं होतं. पाण्याची घनता एक ग्रॅम प्रति घन सेंटीमीटर, ती किलोग्रॅम प्रति घनमीटरमध्ये आणायची होती. 100 सेंटीमीटरचा एक मीटर, म्हणून मी सरळ 100 घन सेंटीमीटरचा एक घनमीटर धरला. उत्तर आलं 0.1. हवेची घनता साधारण 1.2 असते, म्हणजे माझं पाणी हवेपेक्षा बारा पट हलकं झालं होतं! घन फक्त शब्दात राहिला, 100 चा घन करायचा विसरलो. एक घनमीटर म्हणजे दहा लाख घन सेंटीमीटर, आणि खरं उत्तर 1000.

एकक सोबत ठेवण्याचा फुकटचा फायदा म्हणजे सूत्र तपासता येतं. लंबकाच्या आवर्तनकालाच्या सूत्रात लांबी वर की गुरुत्वत्वरण वर, हे परीक्षेत हमखास विसरायला होतं. लांबीला त्वरणानं भागलं की मीटर जातात आणि सेकंदांचा वर्ग उरतो, वर्गमूळ घेतलं की सेकंद. उलटं लिहिलं तर 'एक भागिले सेकंद' येतं, तो काळ असूच शकत नाही. 2π मात्र यातून कळत नाही, तो लक्षात ठेवावाच लागतो.

गुण कापणं कडक वाटत असेल तर 1983 मधलं कॅनडातलं बोइंग 767 विमान आठवा. मॉन्ट्रियलहून एडमंटनला जायला 22,300 किलोग्रॅम इंधन हवं होतं. इंधनमापक बंद होता, म्हणून टाक्यांमधली पातळी हातानं मोजली: 7,682 लिटर. आता लिटरचे किलोग्रॅम करायचे, तर 1.77 नं गुणलं. पण 1.77 हे एका लिटरचे पौंड होते! किलोग्रॅम काढायला साधारण 0.8 नं गुणायला हवं होतं. गुणाकार, वजाबाकी, भागाकार, सगळं चोख. भरायचं होतं जवळपास 20,000 लिटर, भरलं 5,000 च्या आत. वाटेतच दोन्ही इंजिनं बंद पडली. वैमानिकांनी विमान तरंगवत नेऊन गिमली इथल्या जुन्या हवाईतळावर उतरवलं आणि आतली सगळी माणसं वाचली. त्या 1.77 समोर 'पौंड प्रति लिटर' लिहून आकडेमोड केली असती, तर पौंड उत्तरात तसेच उरलेले दिसले असते.

आता किलोग्रॅम. 1889 पासून किलोग्रॅम म्हणजे पॅरिसजवळ सेव्हर इथे जपून ठेवलेला प्लॅटिनम-इरिडियमचा एक दंडगोल, उंची आणि व्यास दोन्ही 39 मिलिमीटरच्या आसपास. त्याच्या अधिकृत प्रतिकृती अधूनमधून त्याच्याशी ताडून पाहत. शंभर वर्षांत त्यांच्यात आणि मूळ दंडगोलात सुमारे 50 मायक्रोग्रॅमचा फरक पडलेला दिसला. मूळ हलका झाला की प्रतिकृती जड झाल्या, हे ठरवायला मार्गच नव्हता, कारण मोजायचं कशाशी? म्हणून 20 मे 2019 पासून प्लांकच्या स्थिरांकाची (निसर्गातली कधीच न बदलणारी एक राशी) किंमत पक्की ठरवली आणि किलोग्रॅम तिच्यावरून काढायचा असं झालं. सेकंद आणि मीटर आधीच असे सुटले होते: सेकंद 1967 मध्ये सीझियमच्या अणूवर बांधला, मीटर 1983 मध्ये प्रकाशाच्या वेगावर.

जुनी वजनं चुकीची ठरली नाहीत. स्थिरांकाची किंमत अशी निवडली की नवा किलोग्रॅम जुन्याशी जुळावा, त्यामुळे तुमच्या प्रयोगशाळेतल्या वजनपेटीला काहीच झालेलं नाही. बदल झाला तो त्या दंडगोलाचा. पूर्वी त्याचं वस्तुमान व्याख्येनंच तंतोतंत 1 किलोग्रॅम होतं, तो झिजला असता तर उरलेलं विश्व जड झालं असं म्हणावं लागलं असतं. आता इतर कुठल्याही वस्तूसारखं त्याचंही वस्तुमान मोजावं लागतं.