अभिनय की दिग्दर्शन : आधी काय?

प्रश्न : मी सोलापूरला बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. कॉलेजच्या एकांकिकांमध्ये काम करते. मध्यंतरी युआन मुझी यांचा १९३७ चा ‘स्ट्रीट एंजल’ हा चिनी चित्रपट पाहिला आणि दिग्दर्शनाची ओढ लागली. ते आधी नट होते, असं वाचलं. बाबा म्हणतात, दोन दगडांवर पाय नको, एक काय ते ठरव. पदवी सोडून मुंबईला जाऊ का?

उत्तर : पदवी सोडू नकोस. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये दिग्दर्शनाच्या पदव्युत्तर अभ्यासक्रमाला कोणत्याही शाखेची पदवी लागते. एवढ्या जवळ आल्यावर ते दार स्वतःच बंद करू नये.

आता बाबांच्या मुद्द्याकडे येते. युआन यांना अभिनय सोडून दिग्दर्शनाकडे जावं लागलं नाही, नटाचं काम करता करताच ते तिथे पोचले. शांघायच्या रंगभूमीवर त्यांना ‘हजार चेहऱ्यांचा माणूस’ म्हणत, इतका त्यांचा रंगभूषेचा आणि आवाजाचा अभ्यास होता. १९३४ मध्ये ते ‘द्यानथुंग’ या कंपनीत आले. ही कंपनी मुळात ध्वनिमुद्रणाच्या यंत्रातून उभी राहिलेली. तिच्या पहिल्याच बोलपटाची पटकथा त्यांनी लिहिली आणि नायकही तेच झाले. गोष्ट एका पदवीधराची : लबाडीत सामील व्हायला नकार देतो म्हणून एकेक नोकरी जाते आणि शेवटी तो तुरुंगात पोचतो. कंपनीने एकूण चारच चित्रपट काढले. अशा लहान जागी लेखक, नट आणि ध्वनिमुद्रक एकमेकांच्या हाताखाली काम करतात, आणि शिकायला याहून चांगली जागा मला तरी माहीत नाही. १९३५ मध्ये त्यांनी आणखी एका चित्रपटात नायकाची भूमिका केली (आजचं चिनी राष्ट्रगीत त्याच चित्रपटातलं) आणि त्याच वर्षी पहिला चित्रपट दिग्दर्शितही केला.

‘स्ट्रीट एंजल’ पुन्हा बघ, या वेळी कामाच्या नजरेने. सुरुवातीला कॅमेरा उंच इमारतीवरून खाली खाली येत गरिबांच्या वस्तीत उतरतो. सगळं शहर एका हालचालीत सांगून होतं. मग गल्लीच्या दोन बाजूंना समोरासमोर दोन खिडक्या : एकीत गाणारी मुलगी, दुसरीत बँडमध्ये ट्रम्पेट वाजवणारा मुलगा. त्यांचं प्रेम बरंचसं गाण्यातून, हातवाऱ्यांतून आणि चेष्टेतून कळतं. नटाच्या अंगाने किती सांगता येतं हे ठाऊक असलेल्या माणसालाच असं सुचतं. आणि नायक स्वतः न होता त्यांनी ती भूमिका झाओ दान यांना दिली, हेही लक्षात घे.

त्यानंतर मात्र त्यांनी कथाचित्रपट दिग्दर्शित केला नाही. जपानशी युद्ध सुरू झालं. १९३८ मध्ये ते येनानला, म्हणजे चिनी कम्युनिस्टांच्या तेव्हाच्या मुख्य ठाण्यावर, गेले आणि माहितीपटाच्या कामाला लागले. (तुमच्या सोलापूरचे डॉ. कोटणीस १९३९ मध्ये पोचले ते याच येनानला.) त्या माहितीपटाचं पुढचं काम करायला १९४० मध्ये सोव्हिएत रशियात गेले ते महायुद्धामुळे अडकले आणि १९४६ मध्येच परतले. पुढे स्टुडिओ उभारणं, मग १९४९ पासून देशाच्या चित्रपट खात्याची जबाबदारी. दिग्दर्शक म्हणून दोनच कथाचित्रपट. तरी त्यांतल्या एकाने आज तुला पत्र लिहायला लावलं. किती चित्रपट केले यावरून स्वतःला मोजायची सवय आत्तापासूनच लावून घेऊ नकोस, असं मला मनापासून वाटतं.

या वर्षी एवढं कर. पुढच्या एकांकिकेत भूमिका कर, पण संहितेवरही बस. प्रकाशयोजना आणि पार्श्वसंगीत बघणाऱ्यांच्या शेजारी काही तालमी काढ. मग दोन पात्रांचा पाच मिनिटांचा प्रसंग मोबाइलवर चित्रित कर, संवाद शक्य तितके कमी ठेव आणि संकलन स्वतः कर. आवाजाकडे विशेष लक्ष दे, नवखी मुलं तिथेच ढिली पडतात. बाबांना हे तयार झालेलं काम दाखव, आणि सोबत प्रवेशपरीक्षेची माहिती व फीचा आकडा घेऊन बस. त्यांची खरी काळजी पैशांची असेल, तर त्यावर नीट बोलणं होऊ दे.